‘अनोळखी इसम, वय अंदाजे ४५’ : नागपुरातल्या एका नोंदीचं प्रकरण

हे प्रकरण नागपुरातलं, २०२४ च्या उन्हाळ्यातलं. रात्री फुटपाथवर झोपणाऱ्या कामगारांची छायाचित्रं काढणारा एक छोटा गट, त्यांनी ज्याची मुलाखत घेतली तो एक माणूस आणि तो वारल्यावर उभा राहिलेला प्रश्न, एवढाच त्याचा पसारा. गटाच्या परवानगीने लिहितो आहे. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. निर्णय, त्यांचा क्रम आणि त्यावरून झालेले वाद तसेच ठेवले आहेत. मी गटात नव्हतो. क्षेत्रकार्य शिकवतो म्हणून मला मधल्या एका बैठकीला बोलावलं होतं, आणि पुढे त्यांच्या वह्या वाचायला मिळाल्या.

पार्श्वभूमी

रेल्वे स्टेशन, संत्रा मार्केट, मेयो हे सरकारी रुग्णालय, कॉटन मार्केट आणि अलीकडे सीताबर्डी. नागपूरकर या पट्ट्यातून रोज जातो, पण रात्री दीडनंतर सहसा जात नाही. तेव्हा इथे बंद शटरसमोर, पुलाखाली, भिंतीच्या कडेला माणसं ओळीने झोपलेली असतात. जाणारे-येणारे त्यांना सरसकट भिकारी किंवा बेवडे समजतात. प्रत्यक्षात त्यांत सकाळी ठिय्यावर, म्हणजे मजुरांच्या नाक्यावर, उभे राहणारे मजूर असतात, बाजारातले हमाल असतात, मेयोत भरती असलेल्या पेशंटचे नातेवाईक असतात आणि लग्नाच्या दिवसांत केटररकडे राबणारी माणसं असतात.

या शेवटच्या लोकांचं वेळापत्रक समजल्याशिवाय पुढचं काही समजणार नाही. दुपारी चार-पाचला ठेकेदाराचा टेम्पो येतो आणि वाढपी, भांडी घासणारे, रोशनी डोक्यावर धरणारे यांना भरून शहराबाहेरच्या लॉनवर नेतो. शेवटची पंगत उठून भांडी आवरेपर्यंत एक-दीड वाजतो. रोजी आणि उरलेलं जेवण घेऊन माणूस परत येतो तो दोन-अडीचला. पाच वाजता झाडू सुरू झाला की उठावं लागतं. मग खरी झोप कधी? सकाळी अकरा ते चार. मे महिन्यात, नागपुरात, उघड्यावर.

नागपूरचा उन्हाळा किती कडक, हे इथल्या माणसाला सांगायला नको. २३ मे २०१३ ला शहरात ४७.९ अंश नोंदले गेले. ३० मे २०२४ ला रामदासपेठेतल्या स्वयंचलित केंद्राने ५६ अंश दाखवले आणि देशभर बातमी झाली. हवामान खात्याने नंतर सेन्सरचा दोष म्हणून तो आकडा बाद केला. त्या खोट्या आकड्यावर शहर आठवडाभर बोलत होतं. नवतप्यातल्या, म्हणजे मे अखेरीच्या सर्वांत तापलेल्या नऊ दिवसांतल्या, खऱ्या आकड्यांवर कोणी फारसं बोललं नाही.

त्या वर्षी आणखी एक गोष्ट होती. गुरू आणि शुक्राच्या अस्तामुळे मे-जूनमध्ये लग्नाचे मुहूर्त जवळजवळ नव्हतेच. मुहूर्त न पाहणाऱ्या घरची लग्नं आणि इतर कार्यक्रम, एवढ्यावर केटररचं काम उरलं. त्यामुळे रात्रीचं काम मिळालं तरी सकाळी ठिय्यावर उभं राहून आणखी अर्धी हजेरी करायची, अशी दुहेरी ओढाताण सुरू झाली. झोप आणखी कमी झाली आणि जी होती ती भर दुपारी सरकली.

सरकारी कागदांत या माणसांची सोय नाही, असंही नाही. राष्ट्रीय नागरी उपजीविका अभियानाच्या नियमाप्रमाणे दर एक लाख लोकसंख्येमागे किमान १०० जणांसाठी चोवीस तास उघडा, कायमचा निवारा हवा होता. २०१६ पासून शहराला उष्मा कृती आराखडा आहे. पण रात्री अडीचला निवाऱ्याचं दार वाजवून चौकीदाराला उठवावं, तोंडाला वास येत असेल तर त्याची बोलणी खावीत, यापेक्षा फुटपाथ बरा असं बहुतेकांचं मत होतं. मोजणीचीही तीच गत. २०११ च्या जनगणनेत बेघरांची गणना २८ फेब्रुवारीच्या एकाच रात्री झाली. त्या रात्री जो लॉनवर ताटं धूत होता, तो कुठल्या फुटपाथवर मोजला गेला असेल?

गट आणि त्यांचा परवानगीचा कागद

गटात चौघं. दोन छायाचित्रकार, एक अनुभवी आणि एक तरुण. कायद्याच्या शेवटच्या वर्षाची एक विद्यार्थिनी. आणि निवृत्त परिचारिका, ज्यांना फुटपाथवर सगळे ‘सिस्टरबाई’ म्हणायचे. सिस्टरबाई पाण्याच्या बाटल्या आणि ओआरएसच्या पुड्या घेऊन जायच्या. माणसं या गटाशी बोलायला लागली ती त्यांच्यामुळे. कॅमेरा आधी आला असता तर एकही तोंड उघडलं नसतं.

जूनच्या अखेरीस प्रदर्शन करायचं आणि नंतर ते समाजमाध्यमांवर टाकायचं, अशी योजना होती. प्रत्येकाकडून परवानगी घ्यायची म्हणून विद्यार्थिनीने एक पानी कागद तयार केला होता. त्यात तीन प्रश्न होते: फोटो काढू का, चेहरा दाखवू का, नाव देऊ का. अशा कामात सहसा ‘चालेल ना भाऊ?’ एवढ्यावरच भागवलं जातं, त्या मानाने हा कागद बराच पुढचा होता. तो वाचून दाखवला जायचा आणि उत्तर आवाजातही नोंदवलं जायचं.

पहिला पेच : जागा सांगायची का

एप्रिलमध्ये तरुण छायाचित्रकाराने एक फोटो जागेच्या नावासह इंस्टाग्रामवर टाकला. चांगला फोटो होता, भरपूर फिरला. त्याच आठवड्यात तिथल्या माणसांना उठवलं गेलं. दोन्हींचा संबंध होता असं सिद्ध करता येत नाही. फुटपाथवर मात्र तो लावला गेला, आणि लावणाऱ्यांकडे कारण होतं. वर्षभरापूर्वी, मार्च २०२३ मध्ये, सी-२० च्या, म्हणजे जी-२० मधल्या नागरी संस्थांच्या गटाच्या, बैठकीसाठी परदेशी पाहुणे शहरात यायचे होते. तेव्हा पोलीस आयुक्तांनी कलम १४४ खाली चौकात आणि फुटपाथवर भीक मागायला बंदी घातली होती. तो आदेश भिकाऱ्यांसाठी होता; पण गाठोडं उशाशी घेऊन झोपलेला हमाल आणि भिकारी यांतला फरक रात्री कोण तपासतो? महाराष्ट्रात भीक प्रतिबंधाचा १९५९ चा कायदा आजही आहे, हेही या लोकांना चांगलं माहीत असतं. कलम ठाऊक नसेल, पण गाडी ठाऊक असते.

गटाने फोटो काढून टाकला आणि ठरवलं की कुठल्याही चित्रात दुकानाची पाटी, पुलाचा खांब, चौकाचं नाव दिसू द्यायचं नाही. अनुभवी छायाचित्रकाराला हे पटलं नव्हतं. त्याचं म्हणणं, जागा पुसली की ते चित्र कुठल्याही शहराचं होतं आणि मग नागपूरला लाज वाटायचं कारण उरत नाही. मला त्याचा मुद्दा तोकडा वाटत नाही. छुपं जगणं उजेडात आणणाऱ्याचा सगळा भर उजेडावर असतो. जो लपला आहे तो बऱ्याचदा लपण्यावरच जगत असतो; त्याची पथारी टिकते ती तिच्याकडे कोणाचं लक्ष नाही म्हणून. ही दोन हितं एका चित्रात मावत नाहीत. इथे गटाने झोपणाऱ्याचं हित धरलं, आणि चित्रं थोडी मुकी झाली.

मूळ समस्या

आता तो माणूस. त्याला आपण वाढपी म्हणू. वय पंचेचाळीसच्या आसपास, विदर्भातल्याच दुसऱ्या जिल्ह्यातला. गटाशी त्याचं चांगलं जमलं होतं. त्याची लांब मुलाखत ध्वनिमुद्रित झाली होती. हातांचे, उजव्या हातावरच्या गोंदणाचे, झोपेतले आणि थेट चेहऱ्याचे फोटो होते. त्याने पहिलं नाव आणि तालुका सांगितला होता, गाव नाही. परवानगीच्या तीनही प्रश्नांना ‘हो’ म्हणून पुढे तो म्हणाला होता: “फोटो नागपुरात लावा, आमच्या इकडं नोका दाखवू. घरी वाटते मी पुण्याले कंपनीत हावो. तसंच राहू द्या जी.”

दर महिन्या-दोन महिन्यांनी एका मोबाइलच्या दुकानातून तो घरी पैसे पाठवायचा. फोनवर पुण्याच्या पावसाची चौकशी झाली की आधी दुकानदाराला विचारून उत्तर द्यायचा, हे त्याने हसत सांगितलं होतं.

नवतप्यात एका दुपारी तो भिंतीच्या कडेला निपचित पडलेला आढळला. आजूबाजूच्या टपरीवाल्यांना वाटलं, पिऊन झोपला आहे. उष्माघाताचा धोका नेमका इथे आहे. शरीराचं तापमान चाळीसच्या पुढे गेलं की माणूस बरळतो, झोकांड्या खातो, मग पडतो. बघणाऱ्याला ती दारू वाटते. फुटपाथवर पडलेल्या माणसाबद्दल तर दुसरा विचारच कोणी करत नाही. संध्याकाळी बीटवरच्या पोलिसाने त्याला मेयोत नेलं. डॉक्टरांनी तपासून मृत घोषित केलं. खिशात काही नव्हतं, मोबाइल कोणीतरी आधीच नेला होता. पोलिसांनी अकस्मात मृत्यूची नोंद केली, आणि दोन दिवसांनी वर्तमानपत्रात आतल्या पानावर चार ओळी आल्या: अनोळखी इसम, वय अंदाजे ४५, अंगात चौकड्यांचा शर्ट, उजव्या हातावर गोंदण.

त्या ओळी तरुण छायाचित्रकाराने वाचल्या. गोंदणाचा फोटो त्याच्याच कॅमेऱ्यात होता.

म्हणजे शहराच्या लेखी जो अनोळखी होता, त्याचं नाव, तालुका, आवाज आणि चेहरा चार माणसांकडे होता. आणि त्याच ध्वनिमुद्रणात ‘तसंच राहू द्या जी’ हेही होतं.

कोणते पर्याय होते

मला बोलावलं ती बैठक त्याच संध्याकाळी झाली. वेळ कमी होता. बेवारस मृतदेह शवागारात काही दिवसच ठेवतात. नंतर अंत्यसंस्कार उरकले जातात आणि कुटुंबाच्या हाती फोटोशिवाय काही उरत नाही.

गप्प राहायचं, हा पहिला पर्याय. अनुभवी छायाचित्रकार याच बाजूचा होता. शब्द दिला आहे, माणूस गेला म्हणून शब्द सुटत नाही. उलट आता तो मोडायला परवानगी देणाराच उरलेला नाही. भावनेपलीकडचंही एक कारण त्याने दिलं: या पोरांनी पोलिसांना माहिती दिली, हे फुटपाथवर कळलं तर पुन्हा कोणी बोलणार नाही. विद्यार्थिनीने कायद्याची बाजू सांगितली. अशा मृत्यूची माहिती आपण होऊन द्यायलाच हवी अशी सक्ती या परिस्थितीत दिसत नव्हती. त्यामुळे गप्प राहणं बेकायदा ठरलं नसतं.

दुसरा पर्याय, सगळं पोलिसांना देणं: फोटो, मुलाखत, दुकानाचा पत्ता. ओळख पटायचा हा सर्वांत खात्रीचा मार्ग होता. पण मुलाखतीत ठेकेदारांची नावं होती, कोण कुठे झोपतो ते होतं, दोघा-तिघांच्या जुन्या भानगडी होत्या. एकाची ओळख पटवताना दहाजण उघडे पडले असते.

तिसरा पर्याय मधला: नाव, तालुका, चेहऱ्याचा आणि गोंदणाचा फोटो द्यायचा, मुलाखत द्यायची नाही. इथे विद्यार्थिनीने सगळ्यांना सावध केलं. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १७४ खाली चौकशी चालू असते, आणि कलम १७५ प्रमाणे अधिकाऱ्याने बोलावलं तर विचारलेल्या प्रश्नाचं खरं उत्तर देणं बंधनकारक असतं. (१ जुलै २०२४ पासून हीच कलमं भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत १९४ आणि १९५ झाली.) म्हणजे चौकीची पायरी चढल्यावर ‘एवढंच सांगू’ हे आपल्या हातात राहत नाही. विचारलं तर सांगावं लागेल, हे धरूनच जावं.

चौथा पर्याय तरुण छायाचित्रकाराचा: आधी आपणच तालुक्याला जाऊन घर शोधू, घरच्यांना काय सांगायचं ते आपण ठरवू. ऐकायला हा सर्वांत माणुसकीचा वाटला. मला तो सर्वांत धोक्याचा वाटला आणि मी तसं बोललो. गोंदणाचा फोटो दाखवत गावोगाव फिरणं म्हणजे त्याने जे झाकलं होतं तेच चावडीवर मांडणं. शिवाय चुकीच्या घराचं दार वाजलं असतं तर?

सिस्टरबाई बराच वेळ काही बोलल्या नव्हत्या. मग त्यांनी विचारलं, “त्याले बायको आहे ना?” होती. पुढचं त्यांनी तीस वर्षं वॉर्डात पाहिलेलं सांगितलं, आणि विद्यार्थिनीने त्याला कायद्याची जोड दिली. मृत्यूचा दाखला नसेल तर बायको विधवा ठरत नाही. संजय गांधी निराधार योजनेचा अर्ज होत नाही. दारिद्र्यरेषेखालच्या घरातला कमावता माणूस गेल्यास राष्ट्रीय कुटुंब अर्थसहाय्यातून २०,००० रुपये मिळतात, तेही नाहीत. सातबाऱ्यावर वारसाची नोंद अडते. बेपत्ता माणूस मेला असं कायद्याने गृहीत धरायला तेव्हा लागू असलेल्या पुरावा कायद्याच्या कलम १०८ प्रमाणे सात वर्षं थांबावं लागतं. पुण्याला कंपनीत असलेला नवरा एक दिवस फोन उचलणं बंद करतो, आणि ही बाई सात वर्षं ना सधवा ना विधवा.

बैठक फिरली ती या मुद्द्यावर. माझ्या मते योग्यच फिरली. वाढप्याने लपवायला सांगितलं होतं ते त्याचं राहणं. मरण लपवायला त्याने सांगितलं नव्हतं. तो प्रश्न त्याला कोणी विचारलाच नव्हता.

काय केलं

तिसरा पर्याय घेतला, थोडा बदलून. सिस्टरबाई आणि विद्यार्थिनी दोघीच चौकीत गेल्या. कॅमेरेवाले गेले नाहीत, कारण कॅमेरा दिसला की सगळे फोटो मागितले जाण्याची शक्यता वाढते. त्यांनी दोन छापील फोटो आणि एक लेखी निवेदन दिलं. मुलाखतीचं कोणी विचारलं नाही, आणि त्यांनीही आपण होऊन सांगितलं नाही.

दोन गोष्टी त्यांनी विचारपूर्वक केल्या. तपास करणाऱ्या हवालदाराला विनंती केली की घरी कळवताना ‘नागपुरात कामाला होते, उन्हाने त्रास झाला’ एवढंच सांगा. हवालदाराने तालुक्याच्या ठाण्यामार्फत त्या भागातल्या पोलीस पाटलांना तसाच निरोप दिला. खोटं त्यात काही नव्हतं.

दुसरी गोष्ट निवेदनात होती, आणि मला ती जास्त महत्त्वाची वाटते. सिस्टरबाईंनी आदल्या दोन दिवसांचा तपशील लिहिला: रात्री कुठवर काम, सकाळी माल उतरवायची अर्धी हजेरी, झोपेची जागा, तिथे सावली किती वाजता सरते, शेवटचं पाणी कोणी दिलं. उष्माघाताने मृत्यू झाला की शवविच्छेदनात त्याची अशी एकच ठाम खूण सापडत नाही. जिवंत असताना ताप मोजलेला नसेल तर डॉक्टरांना परिस्थितीवरूनच अंदाज करावा लागतो. आणि बेवारस माणसाची परिस्थिती सांगायला कोणी येत नाही. त्यामुळे उन्हाने गेलेला माणूस उन्हाच्या खात्यात लिहिला जाण्याची शक्यता अशा वेळी सर्वांत कमी असते.

काय झालं

तिसऱ्या दिवशी धाकटा भाऊ आणि मेहुणा गाडी करून आले. भावाने आधी मोबाइलचं विचारलं. ते लोक चार दिवस फोन लावत होते.

‘कामाला होते’ हा सावध निरोप फार टिकला नाही. मृतदेह ताब्यात घेताना पंचनामा वाचून दाखवला गेला आणि त्यात जागा होती: अमुक भिंतीलगतचा फुटपाथ. पंचनाम्यात घटनास्थळ येणारच, हे चौघांपैकी कोणाच्याही लक्षात आलं नव्हतं, माझ्याही नाही. विद्यार्थिनी घाईघाईने काही समजावायला लागली, तेव्हा भाऊ म्हणाला, “आमाले मालूम होतं जी. मागच्या साली गावचा एक जण इथं लग्नाले आला होता. त्यानं वाढताना पायलं. वहिनीनं सांगितलं, त्याले कोणी इचारू नोका.”

हे ऐकून गटाला सुटल्यासारखं वाटलं, आणि नंतरच्या चर्चेत ‘बघा, बरोबरच केलं’ असा सूर लागला. मी तो धरू दिला नाही. घरच्यांना माहीत होतं हा योग होता. माहीत नसतं, तर त्याच पंचनाम्याने त्या बाईला शवागाराच्या दारात दुहेरी धक्का दिला असता. निर्णय तपासायचा तो त्या संध्याकाळी जे ठाऊक होतं त्यावर.

मृत्यूच्या कारणाबद्दल डॉक्टरांनी अंतिम मत राखून ठेवलं. निवेदन कागदपत्रांना जोडलं गेलं. माझ्या माहितीप्रमाणे त्यापुढे काही कळलेलं नाही. मृत्यूचा दाखला मिळाला, निराधार योजनेचा अर्ज तहसीलमध्ये दाखल झाला. त्यासाठी विद्यार्थिनी भावाच्या संपर्कात राहिली.

प्रदर्शनातून वाढप्याचे फोटो काढावेत, असं भावाने सांगितलं. हातांचा एक फोटो तरी ठेवू द्या, अशी अनुभवी छायाचित्रकाराची इच्छा होती. परवानगी त्या माणसाने स्वतः दिली होती, भावाने नव्हे. कागदावर त्याचं बरोबर होतं. पण ‘आमच्या इकडं नोका’ ही अट समाजमाध्यमावर पाळणं अशक्य होतं, आणि ती अट परवानगीचाच भाग होती. सगळे फोटो काढले. पुढे तोच नियम बाकीच्यांना लावून पाहिला तेव्हा निम्म्याहून जास्त चेहरे गेले. एका छोट्या सभागृहात, इंटरनेटवर काही न टाकता, लहानसं प्रदर्शन झालं. अनुभवी छायाचित्रकाराने त्यात भाग घेतला नाही.

वेगळं काय करता आलं असतं

परवानगीच्या कागदात चौथा प्रश्न हवा होता: तुला काही झालं तर कोणाला कळवायचं? दवाखान्याच्या केसपेपरवर हा प्रश्न असतो, कामगाराच्या नोंदीत असतो. छायाचित्रणाच्या परवानगीत तो सुचत नाही, कारण ती परवानगी चित्राच्या वापरासाठी घेतली जाते, माणसासाठी नव्हे. पण नवतप्यात उघड्यावर झोपणाऱ्यांमध्ये महिनोन्‌महिने वावरणाऱ्याला हा प्रश्न टाळता येत नाही.

चौकीत जाण्याआधी एखाद्या अनुभवी वकिलाला किंवा शवागारातल्या कर्मचाऱ्याला पाच मिनिटं विचारलं असतं, तर पंचनाम्याचं कळलं असतं. मग घरच्यांना निरोप देतानाच जागेची गोष्ट हळूवार सांगायची तयारी ठेवता आली असती. तेवढं करायला त्या संध्याकाळीही वेळ होता.

आणि टपरीवाले. दिवसा त्याच्यापासून दहा पावलांवर चार टपऱ्या उघड्या होत्या. गट रात्री जायचा, कारण चित्रं रात्री चांगली मिळतात. मृत्यू दुपारी आला. त्या चार जणांना उष्माघाताची लक्षणं, अंगावर पाणी ओतायचं आणि १०८ ला फोन करायचा एवढं कोणी सांगितलं असतं तर काय झालं असतं, हे आता ठरवता येत नाही. सिस्टरबाई पुढच्या उन्हाळ्यापासून दुपारी जायला लागल्या.

कार्डांचं काम

प्रदर्शनानंतर उरलेल्या तिघांनी कार्डं भरायला घेतली. प्रश्न दोनच: आजारी पडलो तर कोणाला सांगायचं, मेलो तर कोणाला सांगायचं. दोन्हींची उत्तरं वेगळी आली, आणि ती तशी येतील असं सिस्टरबाईंखेरीज कोणाला वाटलं नव्हतं. आजारपणात घरी कळवू नका म्हणणाऱ्या बऱ्याच जणांनी मृत्यूच्या रकान्यात भावाचा, मुलीचा नंबर दिला. काहींनी दोन्हीकडे चहावाल्याचं नाव दिलं. एकाने दुसऱ्या रकान्यात ‘कोणालेच नाही’ असं तीनदा लिहवून घेतलं. ते तसंच पाळायचं ठरलं आहे, त्याच्या घरी दाखल्यावाचून काय होईल हे ठाऊक असूनही. सिस्टरबाईंना ते अजून पटलेलं नाही.

कार्डावर जागा, काम, सवयी, आधार क्रमांक काहीही नाही. विद्यार्थिनीचा त्यावर कटाक्ष आहे. नव्या संहितेच्या कलम ९४ खाली पोलीस कागद हजर करायला सांगू शकतात, तेव्हा जे मागितलं गेलं तर लोकांना त्रास होईल ते लिहायचंच नाही. एकच प्रत, कागदावर, कुलपात. ज्याचं कार्ड त्यानेच परत मागितलं, तर ते त्याच्यासमोर फाडायचं. आणि कार्डं भरायला जाताना कॅमेरा न्यायचा नाही. हा नियम तरुण छायाचित्रकाराने स्वतः सुचवला.